परवा नावाची नदी : काळनदी रचायची असेल तर

माझ्या पहिल्या काळनदीला चौदा उपनद्या होत्या. तीन राजघराणी, एक शाप आणि रंगीत पेन्सिलींनी काढलेला नकाशाही होता. कथा एका दिवाळी अंकाकडे पाठवली. ती परत आली तेव्हा समासात एकच प्रश्न लिहिलेला होता : ‘ही नदी ओलांडायला नाव कुठे मिळते?’ मला उत्तर देता आलं नाही. चौदा उपनद्या होत्या, पण नावाडी एकही नव्हता.

अद्भुतकथा, कादंबरी किंवा मित्रांबरोबर टेबलावर खेळायचा एखादा खेळ, यासाठी काळातून वाहणारी नदी रचू पाहणाऱ्या नवख्यांसाठी हा लेख आहे. नदी म्हटली की घाट आला, म्हणून पायऱ्यांनी उतरू. सोबतीला एक नदी आपण इथेच तयार करू. तिचं नाव परवा.

पहिली पायरी : काळ बाजूला ठेवा, आधी पाणी बघा

तुमच्या जवळच्या नदीवर दोनदा जा. एकदा मे महिन्यात, एकदा ऑगस्टमध्ये. वहीत सुंदर वाक्यं लिहू नका, शब्द गोळा करा. डोह, उतार, भोवरा, मळई, दरड, वाळवंट, ऐलतीर, पैलतीर, वरचं अंग, खालचं अंग. काठावरच्या म्हाताऱ्या माणसाला विचारा, पूर कुठपर्यंत आला होता? तो फूट-मीटरमध्ये सांगत नाही. देवळाच्या कितव्या पायरीपर्यंत, कुणाच्या ओट्यापर्यंत, असं सांगतो. नाशिकला रामकुंडाजवळचा दुतोंड्या मारुती हेच काम करतो. पाणी मारुतीच्या गुडघ्याला, छातीला की गळ्याला, यावरून गोदावरीचा पूर किती मोठा हे अख्ख्या शहराला कळतं. तुमच्या काल्पनिक नदीलाही असा एक मारुती लागेल. तो आत्ताच ठरवून ठेवा, आठव्या पायरीवर कामाला येईल.

दुसरी पायरी : वाहतं काय, काळ की माणूस?

इथे बहुतेक नवखे घसरतात. दोन रचना शक्य आहेत आणि दोन्ही एकदम चालत नाहीत.

पहिलीत पाणी हाच काळ. तुम्ही काठावर उभे, वर्षं समोरून वाहत जातात. पाण्यात हात घातला की म्हातारपण येतं, ओंजळभर प्यायलं की बालपण आठवतं. दिसायला छान, पण अशा नदीवर प्रवास होत नाही, फक्त चमत्कार होतात. दोन चमत्कारांनंतर वाचक जांभई देतो.

दुसरीत नदी हा रस्ता, आणि काठावरची प्रत्येक जागा म्हणजे एकेक साल. मी हीच रचना घेतो. परवा नदीच्या काठावरच्या गावात कायम एकच साल असतं. माणसं जन्मतात, वाढतात, मरतात, पण साल बदलत नाही. सुगीच्या सालातल्या गावाला दरवर्षी सुगी आणि दुष्काळाच्या सालातल्या गावाला दरवर्षी दुष्काळ. साल बदलायचं तर नाव पकडायची आणि खाली उतरायचं किंवा वर चढायचं. हे ठरवल्याबरोबर काय झालं बघा. चांगल्या सालातल्या जमिनीचे भाव चढले, वाईट सालातल्या मुलांना सोयरिकी मिळेनात आणि नावाड्याला महत्त्व आलं. राजघराणं न आणताच कथा सुरू झाली.

मग दिशा. उगमाकडे भूतकाळ आणि मुखाकडे भविष्य, हे सगळ्यांच्या आधी सुचतं आणि ते वाईटही नाही. पण मराठीत एक गंमत दडलेली आहे. देशावरच्या आपल्या मोठ्या नद्या, गोदावरी, भीमा, कृष्णा, पूर्वेकडे जातात. पूर्व म्हणजे एक दिशा, आणि पूर्व म्हणजे आधीचंही. पूर्वज, पूर्वी, पूर्वपीठिका. म्हणजे शब्दाला धरून चाललं तर या नद्या भूतकाळाकडे वाहतात! उलटी नदी हवी असेल तर हे बीज वापरा. परवा मात्र मी सुलटी ठेवतो, कारण पुढचा हिशेब नवख्याला सोपा पडावा.

तिसरी पायरी : माप आणि भाडं

ही पायरी टाळाल तर नदी कागदावरच राहील. आधी माप. एक किलोमीटर म्हणजे एक वर्ष धरा. गोदावरीची लांबी सुमारे १४६५ किलोमीटर. या मापाने मुखापाशी आजचा दिवस धरला तर त्र्यंबकेश्वरच्या ब्रह्मगिरीवर सहावं शतक चालू असेल. उलट कोल्हापूरची पंचगंगा जेमतेम ऐंशी किलोमीटरची, म्हणजे माणसाचं एक आयुष्य. ते नृसिंहवाडीला कृष्णेत मिसळून जातं. तुमची कथा घराण्याची की एका माणसाची, यावरून नदीची लांबी ठरवा.

आता नाव. वल्ह्यांची नाव शांत पाण्यात ताशी ४ किलोमीटर जाते असं धरू. परवाचा प्रवाह ताशी ३. खाली जाताना वेग ७, वर येताना १. एकवीस वर्षं पुढे जायला तीन तास लागतात. तिथून परत यायला एकवीस तास. एकूण चोवीस, म्हणजे एक अख्खा दिवस नावाड्याच्या अंगावरून जातो. शाळेत ही गणितं आपण रडत सोडवली, पण त्यांच्यात कथा असते हे कुणी सांगितलं नव्हतं. पावसाळ्यात प्रवाह ताशी ४ झाला की नाव वल्ही मारूनही जागच्या जागी राहते आणि ५ झाला की मागे ढकलली जाते. म्हणजे परवा नदीवर पावसाळ्यात खाली गेलेला माणूस दिवाळीपर्यंत परत येऊ शकत नाही. हा नियम मी कल्पनेने बसवलेला नाही, वजाबाकीतून निघाला.

भाडं कशात घ्यायचं? सोन्याच्या मोहरा नकोत, सगळे तेच देतात. आपल्याकडे पाणी आणि वेळ यांची गाठ फार जुनी आहे, तीच वापरा. घटिकापात्र म्हणजे बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी. ती घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. पाणी भरत भरत वाटी बुडते त्या वेळाला एक घटका म्हणायचं. घटका चोवीस मिनिटांची, दिवसाच्या साठ घटका, आणि घटकेची साठ पळं. लग्नाचा मुहूर्त असाच साधत. ‘त्याची घटका भरली’ हा वाक्प्रचार त्या बुडणाऱ्या वाटीतून आला आहे.

तेव्हा परवा नदीवर भाडं आयुष्यातल्या घटकांमध्ये. नावाड्याचा एका खेपेत एक दिवस जातो, म्हणजे साठ घटका. नावेत बारा माणसं बसली तर माणशी पाच घटका घेतल्या की त्याचा दिवस भरून निघतो. तो म्हातारा होत नाही, उतारू दोन तासांनी म्हातारे होतात. उन्हाळ्यात प्रवाह ताशी १ वर आला की खाली ५ आणि वर ३ असा वेग पडतो. खेप अकरा तास बारा मिनिटांची, म्हणजे अठ्ठावीस घटका. माणशी अडीचच्या आतच. म्हणून गरीब उन्हाळ्यात प्रवास करतात. आणि कमी माणसं घेऊन पुराच्या तोंडावर निघालेला नावाडी एकतर फार श्रीमंताला नेतोय किंवा स्वतःच्या माणसाला.

यातला एकही आकडा कथेत छापायचा नाही, बरं का. तो वहीत राहू द्या. कथेत फक्त एवढंच यावं की आषाढात घाटावर गर्दी नव्हती.

चौथी पायरी : पूर आणि उघडं पात्र

नुसती वाहणारी नदी कंटाळवाणी असते. तिचा स्वभाव दिसतो तो पाणी चढतं तेव्हा आणि आटतं तेव्हा, म्हणून या पायरीवर जरा बसू.

महाराष्ट्रात नदीकाठच्या शहरांच्या नकाशांवर दोन पूररेषा आखतात. निळी आणि लाल. ढोबळमानाने पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी, शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची लाल. कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची पातळी ३९ फुटांवर गेली की इशारा, ४३ वर धोका. लोक पावसाळ्यात एकमेकांना ‘कसा आहेस’ विचारण्याआधी ‘किती फूट झालं’ विचारतात.

आता हेच काळावर ठेवा. परवाला पूर येतो म्हणजे वरच्या अंगाची सालं खालच्या गावांत शिरतात. निळ्या रेषेच्या आत गेल्या दोन-चार वर्षांचं पाणी येतं. बंद झालेली दुकानं दोन दिवस उघडी दिसतात, वारलेली शेजारीण अंगणात पाणी ओतताना दिसते. लोकांना त्याची सवय असते. सामान माळ्यावर टाकतात आणि शेजारणीशी जपून बोलतात. लाल रेषेपर्यंतचा पूर वेगळा. त्यात शंभर वर्षांमागचा दुष्काळ सुगीच्या गावात तीन दिवस ठाण मांडतो. उपाशी माणसं दारात उभी राहतात, आणि ती आपलेच पणजोबा असू शकतात. दार उघडायचं की नाही?

पूर ओसरला की गाळ राहतो. काय काय राहतं याची यादी करा, पण तलवारी आणि मुकुट वगळून. एक चप्पल, फोडणीचा वास, कुणाचं तरी न उघडलेलं पत्र. एखादं लहान मूल, जे आता कुठल्या सालाचं हे कुणालाच सांगता येत नाही.

आणि पाणी आटल्यावर? भीमेवर उजनी धरण झालं तेव्हा इंदापूर तालुक्यातलं पळसदेवचं जुनं देऊळ जलाशयात गेलं. पाऊस कमी झालेल्या वर्षी पाणी उतरतं आणि शिखर, मग सगळं देऊळ वर येतं. लोक होडीने, कधी चालत, बघायला जातात. दुष्काळ असतो तेव्हाच जुनं गाव दिसतं, ही गोष्ट काळनदीच्या लेखकाला आयती मिळाली आहे. धरणाचं पाणी मागे हटलं की उघड्या पडलेल्या जमिनीवर पीक घेतात, त्याला गाळपेर म्हणतात. परवाचं पात्र उघडं पडलं की ती जमीन कुठल्याच सालाची नसते. तिथे पेरलेलं कोणत्या सालात उगवेल? पीक कुणाचं? वरच्या गावाचं की खालच्या? मी एक अख्खी कथा या गाळपेरीच्या भांडणावर लिहिली आणि त्यात एकही जादूगार लागला नाही.

पाचवी पायरी : वळणं, खळगे, खाडी

नदीच्या प्रत्येक आकाराला काळात काहीतरी अर्थ देता येतो. मोह आवरा, तीनच निवडा. निवडायला हे घ्या.

नागमोडी वळणावर पाणी बाहेरचा काठ खातं आणि आतल्या काठावर गाळ टाकतं. वळण वाढत वाढत शेवटी पाणी मधून सरळ वाट काढतं, आणि तुटलेल्या वळणाचं नालाकृती सरोवर होतं. काळात याचा अर्थ : प्रवाहातून सुटलेली काही वर्षं. तिथली माणसं आहेत, पण कुठलीच नाव तिथे जात नाही. पंढरपूरला भीमा चंद्रकोरीसारखी वळते म्हणून ती चंद्रभागा. तुमच्या नदीचं सर्वात महत्त्वाचं गाव अशाच वळणाच्या बाहेरच्या काठावर ठेवा, म्हणजे ते रोज थोडं थोडं खचत राहील.

कुकडी नदीवर निघोजला रांजणखळगे आहेत. भोवऱ्यात अडकलेले दगडगोटे खडकातच गोल फिरत राहिले आणि त्यांनी रांजणाएवढे खळगे कोरले. तेच ते दुःख पुन्हा पुन्हा जगणारा माणूस दाखवायचा असेल तर याहून नेमकं काही नाही. कोरणारा गोटाही झिजतो, हे विसरू नका.

प्रयाग चिखलीच्या संगमापासून पंचगंगा सुरू होते. तिला पाणी देणाऱ्या चार नद्या डोळ्यांना दिसतात, पाचवी सरस्वती गुप्त मानतात. गुप्त नदी म्हणजे न घडलेल्या शक्यता. नवख्यांनी ही शेवटच्या कथेसाठी राखून ठेवावी, हातात मावत नाही.

मुखाशी खाडी ठेवलीत तर भरती-ओहोटी आली, आणि भविष्य दिवसातून दोनदा उलटं आत शिरायला लागलं. कोकणात भरतीची वेळ काढायचा जुना हिशेब आहे : तिथीची पाऊणपट. पंचमीला पावणेचार, अष्टमीला सहा, अशी साधारण भरतीची वेळ. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे मंद भरती. खाडीकाठच्या तुमच्या ज्योतिषाला ग्रह बघायची गरजच नाही. उधाणाच्या दिवशी त्याने जाळं टाकायचं, बस्स.

सहावी पायरी : वर दगड टाकला तर खाली काय?

भूतकाळात जाऊन काही बदललं तर वर्तमानाचं काय होतं, हा प्रश्न वाचक विचारणारच. पाण्यालाच विचारा. वरच्या अंगाला दगड टाकला तर तरंग उठतात आणि शंभर पावलांवर विरतात. म्हणजे छोटे बदल टिकत नाहीत. पूर्वजाला चांगला सल्ला दिलात, त्याने तो विसरून टाकला. बंधारा घातला तर मात्र खालची गावं कोरडी पडतात, त्यांची वर्षं आखूड होतात. मग खालचे लोक गप्प बसतील का? कृष्णेच्या पाण्यावरून वरच्या आणि खालच्या राज्यांमध्ये वाद झाला, १९६९ मध्ये लवाद नेमावा लागला, आणि कुणाच्या वाट्याला किती पाणी हे मोजून ठरवावं लागलं. काळावरून तंटा झाला तर लवादापुढे दुष्काळाच्या सालाच्या बाजूने कोण उभं राहील, याचा विचार करा.

सातवी पायरी : भाषा

आता नावाचं कारण. मराठीत ‘परवा’ मागचाही असतो आणि पुढचाही. ‘परवा गेलो होतो’, ‘परवा जाईन’. दिवस कुठल्या बाजूचा हे क्रियापद सांगतं. काळनदीसाठी यापेक्षा चांगला शब्द शोधून सापडणार नाही. परवाकाठच्या घाटावर नियम आहे की क्रियापद नसेल तर तिकीट नाही. नवीन उतारू येतो :

‘परवाला सोडा.’

‘कुठल्या?’

‘परवाच्या.’

‘अहो दादा, गेलात की जाणार?’

तो गप्प. बायको मागून म्हणते, ‘ते जायचे राहिलेत.’ नावाडीण मान हलवते आणि त्यांना नावेत घेते.

‘येणार होता’, ‘यायचा राहिला’, ‘येत असे’ ही रूपं म्हणजे तुमची खरी जादू. पात्र कुठल्या सालातून बोलतंय ते क्रियापदावरून कळू द्या, कंसात साल लिहू नका. काठावरच्यांच्या म्हणी, शिव्या, लग्नाच्या अटी तयार करा. ‘मुलगा सुगीतला आहे’ हे वाक्य तिथे स्थळ सांगून आलेल्या मध्यस्थाच्या तोंडी शोभेल. फक्त संस्कृतप्रचुर नावांचा पूर आणू नका. कालवाहिनी, युगप्रवाहिनी, अनंतस्रोता. असल्या नद्यांवर कुणी कपडे धूत नाही.

आठवी पायरी : पहिला प्रसंग

उगमापासून सुरुवात करू नका. नदी कशी जन्मली, कुठल्या ऋषींनी काय केलं, ते सगळं माझ्या त्या चौदा उपनद्यांबरोबर राहू द्या. एकच खेप लिहा. साताठशे शब्द. एक नावाडी, तीन उतारू, एक गाठोडं. तिघांपैकी एकजण परत येणार नाही असं तुम्ही ठरवा, पण त्याला ते माहीत नसू दे. हवा कशी आहे ते सांगा, कारण हवेवर प्रवाह आणि प्रवाहावर भाडं ठरतं. मारुतीला पाणी कुठवर लागलंय हे एका वाक्यात येऊ द्या.

मग तो प्रसंग अशा मित्राला वाचायला द्या जो अद्भुतकथा वाचत नाही. त्याला आवडलं का, असं विचारू नका. विचारा, की या नावेतून जायला तुला किती पडतील? त्याने डोकं खाजवून ‘पाचएक घटका, पण पाऊस वाढतोय, तर जास्तच’ असं काहीतरी म्हटलं तर दुसरी खेप लिहायला घ्या. तो नुसताच ‘भाषा छान आहे’ म्हणाला तर तिसऱ्या पायरीवर परत या आणि वल्ह्यांचा वेग पुन्हा मोजा.